गाया वाढवायच्या आधी दुधाचं खातं तुझ्या नावावर होऊ दे

"मावशी नमस्कार. मी सिन्नर तालुक्यातली, शिर्डी रोडच्या बाजूचं गाव आहे, नाव छापू नका. बारावीनंतर मुक्त विद्यापीठातून बीए केलं. लग्नाला सात वर्षं झाली, पाच वर्षांची मुलगी आहे. मिस्टर एमआयडीसीत कंत्राटी कामाला आहेत. घरी सासू सासरे, तीन एकर जमीन आणि आठ गाया, त्यातल्या पाच दुधात. दोन्ही टायमाचं मिळून साठ लिटर दूध जातं, बत्तीसचा भाव बसतो. गोठा सगळा मीच बघते, साडेचारला उठून शेण, धारा, चारा, परत संध्याकाळी तेच. डेअरीवर दूध घालायला सासरे जातात, डेअरीचा कोड, म्हणजे दूध घालायचा खाते नंबर, त्यांच्या नावावर आणि पगार, म्हणजे दर दहा दिवसांचे दुधाचे पैसे, त्यांच्या खात्यावर, मला मोबाईलचा रिचार्ज मारायचा तरी पैसे मागावे लागतात. आता घरात ठरतंय की लोणी गावच्या जनावरांच्या बाजारातून अजून पाच गाया आणायच्या, लोन माझ्या नावावर काढायचं कारण बायकांना लवकर मिळतं म्हणतात. तिकडे मैत्रीण म्हणते कंपनीत पॅकिंगला जागा आहे, तेरा हजार हातात. मला गायांचं आवडतं मावशी, मी वाढवलेली कालवड पहिल्या वेतालाच चौदा लिटर देतेय. पण मागच्या महिन्यात एक गाय सातव्या महिन्यात गाभडली, गर्भ पडला, सगळं मीच हाताने काढलं, तेव्हापासून अंगात कणकण असते आणि कंबर धरते. सासूबाई म्हणतात आमचं आयुष्य यात गेलं, आम्ही कधी हिशोब मागितला नाही, आणि बाईमाणसाने किटली घेऊन डेअरीवर उभं राहणं बरं दिसत नाही. काय करू, कंपनीत जाऊ का गाया वाढवू?"

बाळा, तू कंपनी आणि गाया यांच्याबद्दल विचारलंस पण मी आधी त्या गाभडलेल्या गायीवर येते, कारण ती ओळ तू जाता जाता लिहिलीस आणि मला तीच सगळ्यात जास्त लागली. गाय सातव्या महिन्यात टाकते तेव्हा बऱ्याचदा त्यामागे ब्रुसेला नावाचा रोग असतो आणि तो माणसाला होतो. गर्भ, जार, ते पाणी, याला उघडा हात लावला, हाताला विळ्याचं कापलेलं असलं की जंतू आत जातो. मग ताप येतो जातो, रात्री घाम फुटतो, सांधे आणि कंबर दुखते, गळून गेल्यासारखं होतं, आणि घरातले म्हणतात कामाचा थकवा आहे, झोप जरा. तुझं तेच असेल असं मी म्हणत नाही पण डॉक्टरकडे जा आणि नुसतं "अंग दुखतं" सांगू नकोस, "गाय गाभडली होती आणि मी हाताने काढलं" असं स्पष्ट सांग, म्हणजे ते रक्ताची त्यासाठीची तपासणी लिहून देतील. निघालंच तर त्याला औषध आहे, फक्त साधारण सहा आठवडे न चुकता घ्यावं लागतं, मधेच बरं वाटलं म्हणून सोडायचं नाही. तोवर पोरीला कच्चं दूध अजिबात देऊ नका, धारोष्ण वगैरे काही नाही, उकळूनच. त्या गायीचं रक्तही तपासायला द्या. दवाखाना लांब पडत असेल तर १९६२ ला फोन लावा, फिरत्या पशुवैद्यकीय पथकाचा नंबर आहे तो. आणि यापुढे असं काही झालं की खांद्यापर्यंतचे हातमोजे, नाहीच मिळाले तर प्लास्टिकच्या पिशव्या हाताला बांध, पडलेलं सगळं चुना टाकून खोल पुरा, कुत्र्याला ओढू देऊ नका. कालवडींना चार ते आठ महिन्यांच्या वयात याची लस असते, आयुष्यात एकदाच, सरकारी कार्यक्रमात फुकट टोचतात, तुझ्या गोठ्यातल्या कुठल्या कालवडी त्या वयात आहेत ते आजच बघ.

हे आधी लिहिलं कारण गोठ्यातल्या बाईचं दुखणं हे गायीच्या दुखण्याच्या नंतर येतं आपल्याकडे. गायीला ताप आला की तासाभरात डॉक्टर येतो, कारण दूध आटलं की पगार आटतो. तू महिनाभर कणकण घेऊन धारा काढतेयस.

आता तुझा प्रश्न. माझं म्हणणं सरळ आहे, दुधाचं खातं तुझ्या नावावर झाल्याशिवाय त्या गोठ्यात एकही गाय वाढवायला हो म्हणू नकोस. आणि लोनच्या कागदावर सही तर अजिबात करू नकोस.

का ते सांगते. तू दिलेल्या आकड्यांचाच हिशोब करू. साठ लिटर, बत्तीस रुपये, म्हंजे रोजचे १९२० आणि दहा दिवसाचा पगार १९,२०० रुपये. त्यातून पेंड, भुसा, विकतचा चारा, डॉक्टर, रेतन हे सगळं जाऊन फार फार तर तिसरा हिस्सा मागे राहतो असं धर, दुधात सगळ्यात मोठा खर्च खाण्याचाच असतो. तरी महिन्याला एकोणीस हजाराच्या आसपास शिल्लक झाली. हे पैसे कोणाच्या कष्टातून आलेत? सासरे बुवा दूध नेऊन घालतात ते कामच आहे, मी त्याला कमी लेखत नाही, पण साडेचारपासूनचं बाकी सगळं तू करतेस. कंपनीने तुझ्या कामाची किंमत तेरा हजार लावलीये आणि घरात तू त्याच्यापेक्षा जास्त मिळवून देतेयस, फक्त तुझं नाव कुठेच नाही. हा कागद तू स्वतः एकदा लिहून बघ, पेंडीच्या पोत्याच्या पावत्या घेऊन. भांडायला नाही, तुला स्वतःला कळावं म्हणून.

सासूबाई म्हणतात आम्ही कधी हिशोब मागितला नाही. त्या खोटं बोलत नसतील पण त्यांना एकदा शांतपणे बसून विचार, तुमच्या सासूच्या काळात घरी दोन म्हशी होत्या तेव्हा ताक-तूप कोण विकायचं आणि ते पैसे कोणाकडे असायचे. आमच्या निफाडकडे तरी जुन्या बाया सांगतात की रतीब घालायची बाई, तूप कढवायची बाई, आणि ते पैसे डब्यात नाहीतर लुगड्याच्या गाठीला, त्यातून पोरीची बांगडी व्हायची, माहेरपणाची साडी व्हायची, नवऱ्याला त्याचा पत्ता नसायचा आणि तो विचारायचाही नाही. मग संकरित गाया आल्या, दूध वाढलं, गावात संकलन केंद्र आलं. हे चांगलंच झालं, त्या दुधानेच दुष्काळात घरं तगली, तुमच्या पूर्व भागात तर पाऊस दगा देतो तेव्हा दुधाचाच पगार चूल पेटवतो. पण दूध घरातून डेअरीत गेलं तेव्हा काम बाईकडेच राहिलं आणि पैसा मात्र कुटुंबप्रमुखाच्या खात्यात गेला, कारण खातं त्याचं, सही त्याची. म्हणजे बाईच्या हातात पैसा ही काही आजकालच्या पोरींनी काढलेली नवीन फॅशन नाही, तो आधी होताच, मधे गेला. सासूबाईंना हे तू सांगू नकोस, त्यांनाच आठवू दे.

आणि हे फक्त तुझ्या घरातलं नाही. खेड्यातल्या कामकरी बायकांमधल्या चारातल्या तिघी शेती आणि जनावरांच्याच कामात आहेत, पण २०१५-१६ च्या कृषी गणनेत बायकांच्या नावावरची शेतीची खाती सगळी मिळून १४ टक्क्यांच्या आसपास निघाली. आपल्याच जिल्ह्यात चांदवडला नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन झालं होतं, शरद जोशींनी बोलावलेलं, गावोगावच्या हजारो बाया गाड्या भरून आल्या होत्या आणि शेतकरी म्हणजे बाईसुद्धा शेतकरी हे तिथे उघड बोललं गेलं. त्यातूनच पुढे लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम निघाला, गावातल्या पुरुषांनी आपणहून बायकोच्या नावावर जमीन करून द्यायची, आणि बऱ्याच जणांनी दिली. नंतर सरकारनेही नवऱ्याच्या अर्जावरून बायकोचं नाव सातबाऱ्याला सहधारक म्हणून लावायची सोय केली. तुझ्या सासऱ्यांच्या वयाच्या माणसांनी हे तरुणपणी ऐकलेलं असतं, बघ कधीतरी विषय काढून. तुला आज जमिनीचं विचारायची गरज नाही, आधी दुधाचं बघू.

दुधाच्या खात्याचं महत्त्व नुसतं पैशाचं नाहीये, हे मला जरा नीट सांगू दे कारण घरात बोलताना हाच मुद्दा तुला कामाला येईल. तू दूध काढतेस, ते डेअरीवर जातं, तिथे मशीनवर फॅट आणि एसएनएफ, म्हणजे फॅट सोडून दुधातला बाकीचा घट्ट भाग, लागतं, पावती निघते किंवा मेसेज येतो. तो मेसेज कोणाच्या मोबाईलवर येतो? सासऱ्यांच्या. ते बघतात का? भाव बघत असतील. आता गायीच्या दुधाचा दर आपल्याकडे ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफ धरून ठरतो, त्याच्याखाली गेलं की दर कापतात. समजा संध्याकाळच्या दुधाचं एसएनएफ ८.५ वरून ८.२ वर आलं. याचं कारण कोणाला माहितीये? उन्हं वाढलीत आणि दुपारी गायांना पाणी कमी पडलं, की गेल्या आठवड्यात मका संपला म्हणून खुराक कमी केला, की एखाद्या गायीला दगडी, म्हणजे कासेची सूज, व्हायला लागलीये आणि एका सडातून दूध पातळ येतंय, हे गावात फक्त तुला माहिती असतं. फॅट घसरला तर वैरण कमी आणि पेंड जास्त झालीये का, का घाईत शेवटच्या धारा कासेतच राहिल्या, हे पण तूच सांगू शकतेस, कारण शेवटच्या धारांतच जास्त फॅट असतो. ज्या माणसाला कारण माहितीये त्याला आकडा मिळत नाही आणि ज्याला आकडा मिळतो त्याला कारण माहिती नाही, आणि मधल्या मधे लिटरमागे रुपया दीड रुपया जातो. साठ लिटरला रोजचे साठ ते नव्वद झाले, महिन्याचे दोन अडीच हजार. हा हिशोब सासऱ्यांना पटेल. अधिकार वगैरे शब्द वापरलेस तर घरात वाद होईल, हा आकडा दाखवलास तर ते स्वतःच म्हणतील की मेसेज तुझ्या मोबाईलवर येऊ दे. तिथून सुरुवात कर, मेसेजपासून, तेवढं या आठवड्यात होईल.

मग दुसरी पायरी. सासऱ्यांचा कोड त्यांच्याकडून काढून घेऊ नकोस, साठीच्या माणसाला दहा दिवसांनी येणारा पगार म्हणजे त्याचा मान असतो, तो आपण दुखवायचा नाही. तुझ्या नावाचा वेगळा कोड काढ. तू वाढवलेली ती कालवड आणि आणखी एक गाय, एवढ्या दोन तुझ्या कोडवर, बाकी त्यांच्या. केंद्रचालकाला किंवा संस्थेच्या सचिवाला जाऊन विचार काय कागद लागतात, आधार आणि बँकेचं पासबुक तर लागेलच, आणि लाडक्या बहिणीचे पैसे येतात ते आधारला जोडलेलं खातं तुझ्याकडे असेलच. खातं तुझं एकटीचं पाहिजे, नवऱ्याबरोबरचं जॉइंट नको, आणि एटीएम कार्ड तुझ्याजवळ, पिन तुलाच माहिती. हे ऐकायला साधं वाटतं पण कित्येक बायांचं खातं त्यांच्या नावावर आणि कार्ड नवऱ्याच्या पाकिटात असतं.

तुमच्याकडे सहकारी संस्था आहे का खाजगी संकलन केंद्र ते तू लिहिलं नाहीस. सहकारी असेल तर कोडवर थांबू नकोस, शेअर घेऊन सभासद हो. सभासद झालीस तर वार्षिक सभेला बसता येतं, मत देता येतं, भेसळीच्या नावाखाली दूध का परत केलं, काटा बरोबर आहे का, दिवाळीचा बोनस कसा काढला हे विचारता येतं. संचालक मंडळात कायद्याने बायकांच्या दोन जागा राखीव असतात, आपल्याकडे त्या जागांवर बहुतेक कोणाची तरी बायको नाहीतर आई नावापुरती असते, सही करायला रजिस्टर घरी येतं. तिथे खरंच धारा काढणारी बाई बसली तर फरक पडतो. तिकडे तिरुपतीला श्रीजा म्हणून दूध उत्पादक कंपनी आहे, २०१४ पासून, एनडीडीबी म्हणजे राष्ट्रीय दुग्धविकास मंडळाच्या मदतीने उभी राहिलेली, तिथल्या सगळ्या सभासद बायकाच, मालकी त्यांची आणि संचालक मंडळातही त्याच. म्हणजे बाईला व्यवहार जमत नाही हे कोणी म्हणालं तर हे सांग.

गायांच्या कानातल्या पिवळ्या बिल्ल्याचं पण बघ. त्याच्यावर बारा आकडे असतात आणि ऑनलाईन नोंदीत त्या आकड्यापुढे मालकाचं नाव आणि मोबाईल नंबर असतो. तुझ्या दोन गायांच्या नोंदीत मालक म्हणून तुझं नाव लावून घे, दवाखान्यातून होतं. २०२४ मध्ये गायीच्या दुधाला सरकारने लिटरमागे पाच आणि नंतर सात रुपये अनुदान दिलं तेव्हा ते थेट बँकेत आलं, आणि त्यासाठी जनावरांचं टॅगिंग आणि आधार जोडलेलं खातं दोन्ही लागायचं. बिल्ला एकाच्या नावावर आणि दूध दुसऱ्याच्या नावावर असलेल्यांना हेलपाटे पडले. पुढे कधी तसं काही आलं, विमा आला, नुकसान भरपाई आली, सगळं त्या बिल्ल्यावरून चालणार. लम्पी रोगात कोणाच्या गाया गेल्या आणि मदत कोणाच्या नावाने आली हे तू २०२२ ला गावात बघितलं असशील.

आता लोन. हे मी जरा कडक लिहिते, राग मानू नकोस. बायकांना लोन लवकर मिळतं म्हणून तुझ्या नावावर काढायचं आणि दुधाचा पगार सासऱ्यांच्या खात्यावर जायचा, असं झालं तर देणं तुझं आणि घेणं दुसऱ्याचं. बचत गटाच्या, फायनान्सच्या लोनमध्ये हे रोज दिसतं, पैसे ट्रॅक्टरच्या हप्त्याला नाहीतर लग्नाला गेले आणि हप्त्याच्या दिवशी वसुलीवाला दारात बाईच्या नावाने हाक मारतो. माझी अट एकच, ज्या खात्यातून हप्ता जाणार त्याच खात्यात दुधाचा पगार आला पाहिजे. नाहीतर सही नाही. नवऱ्याला हे समजावून सांग, यात त्याचाही फायदा आहे, हप्ता चुकला तर व्याजाची सवलत जाते. पशुपालनाचं किसान क्रेडिट कार्ड मिळतं हे विचारून ठेव, जमीन नावावर नसली तरी जनावरं असली की चालतं, पण ते चारा, पेंड, औषध अशा चालू खर्चासाठी असतं, गाय घ्यायला नाही. दोन लाखापर्यंत तारण लागत नाही, ७ टक्के व्याज आणि वेळेवर भरलं तर ४ टक्क्यांवर येतं. सावकारी दराने पेंड उचलण्यापेक्षा हे कितीतरी बरं. गाय घ्यायचं कर्ज वेगळं, ते खातं वर्षभर नीट चालल्यावर बघ.

पाच गाया वाढल्या तर काय होतं याचा पण विचार कोणी केलाय का घरात? दुधातली गाय उन्हाळ्यात ऐंशी लिटर, कधी त्याच्याही पुढे पाणी पिते. तेरा जनावरं म्हटलं की दिवसाला हजार लिटरच्या जवळ आलं, आणि तुमच्या भागात एप्रिल-मेमध्ये टँकर असतो. हिरवा चारा एका गायीला वीस किलो धर, रोजचा अडीचशे किलोच्या वर, तो तीन एकरात कुठून येणार, कोण कापणार, कोणाच्या डोक्यावरून येणार? घरातल्या बैठकीत पाच गाया म्हटलं की सगळे दुधाचे लिटर मोजतात, भारे कोणी मोजत नाही. म्हणून गाया वाढवायच्या आधी काम कमी करायच्या गोष्टी मागून घे. मुक्तसंचार गोठा कर, जाळीचं कंपाउंड, मधे सावली, पाण्याची टाकी कायम भरलेली, गाया मोकळ्या. त्यात रोज दोनदा शेण उचलावं लागत नाही, सोडणं-बांधणं जातं, गाया पाहिजे तेव्हा पाणी पितात म्हणून दूधही टिकतं. मुरघास कर, मक्याचं कणीस चिकात असताना कुट्टी करून बॅगेत नाहीतर खड्ड्यात दाबून भरला, हवा राहू दिली नाही की दीड महिन्यात तयार होतो, मग भर पावसात नाहीतर तुझी तब्येत बरी नसताना गवताला जावं लागत नाही. आणि हे झाल्यावर दूध काढायचं मशीन. मशीन आलं की एक बघितलंय मी, मशीन लावायला पुरुष पुढे येतो आणि त्याच्या नळ्या, कॅन धुवायला बाईच राहते. ते आधीच बोलून घ्या, जो मशीन लावेल तो धुवेल.

नवऱ्याचं तू पत्रात फारसं लिहिलं नाहीस. तो कंत्राटी आहे म्हणजे त्याच्या नोकरीची खात्री नाही, तो गाया वाढवायचं म्हणतोय ते त्या भीतीपोटीच असणार, त्याला दोष देऊ नकोस. पण शिफ्टवरून आल्यावर संध्याकाळच्या दोन गायांच्या धारा त्याने काढाव्यात एवढं माग. कंबर त्यालाही आहे.

कंपनीचं म्हणशील तर मी त्याला वाईट म्हणणार नाही. तेरा हजार स्वतःच्या खात्यात येणं, चार बायांत बसून डबा खाणं, घराबाहेर आपल्या नावाने कोणी हाक मारणं, याची किंमत खेड्यातल्या बाईला विचार. मला फक्त एकाची भीती आहे, की तू कंपनीतून सहाला येशील आणि गोठा तसाच तुझी वाट बघत असेल. दोन्ही कामं तुझ्या अंगावर पडणार असतील तर ती नोकरी तुला मोडेल. म्हणून कंपनीला हो म्हणायच्या आधी घरात स्पष्ट विचार, धारा कोण काढणार, गाया किती कमी करणार. दोन गायांवर आणणार असाल तर जा. तरी तुझं पत्र वाचून मला वाटतं तुझं मन गोठ्यात आहे, आपण वाढवलेल्या कालवडीचे चौदा लिटर असे कोणी उगीच लिहीत नाही. ती कालवड जगली, वाढली, पहिल्या वेताला एवढं दूध देते म्हंजे चीक वेळेवर पाजला गेला, माज ओळखून वेळेत रेतन झालं, गाभणपणी खाणं बरोबर झालं, हे सगळं डोकं लावून करायचं काम आहे आणि ते तू केलंयस. त्यामुळे माझा कौल गोठ्याला, पण वर सांगितलेल्या अटींवर. तीन महिने धर. मेसेज, कोड, बिल्ला, नवऱ्याची संध्याकाळची धार, यातलं काहीच हललं नाही तर मनात काही न ठेवता कंपनीत जा, लोकं काय म्हणतील ते म्हणू देत.

डेअरीवर उभं राहायचं सासूबाईंना खटकतं, तर पहिले आठ दहा दिवस त्यांनाच बरोबर घेऊन जा. खरंच सांगते. तिथे गेल्यावर दूध मोजणारा पोरगा "मावशी या" म्हणतो, शेजारच्या गावची कोणी ओळखीची भेटते, आणि बाईला आपल्या दुधाचा फॅट पहिल्यांदा स्वतःच्या डोळ्याने मशीनवर दिसतो. आणि शेणखताचं बघ, तुमच्याकडून द्राक्षवाले ट्रॉलीने शेणखत नेत असतील ना, ते पैसे यापुढे सासूबाईंच्या हातात द्यायचे असं तूच घरात सुचव. तीस वर्षं शेण त्यांनी उचललंय. तू तुझ्यासाठी मागतेस आणि त्यांना विसरतेस असं त्यांना वाटलं तर त्या कधीच तुझ्या बाजूने बोलणार नाहीत, आणि बोलल्या तर सासऱ्यांपुढे त्यांच्या एका शब्दाला तुझ्या दहा शब्दांची किंमत आहे.

उद्या सगळं जुळून आलं आणि लोणीच्या बाजाराला जायचं ठरलंच तर गाडीत तू बसायचं, "तू घरी धारा बघ, आम्ही आणतो" हे ऐकायचं नाही. गाय तुला सांभाळायचीये. पाच नको, पहिल्यांदा दोनच. दात बघून वेत विचार, चारही सड स्वतः पिळून बघ, गाठ लागते का, दूध फुटकं येतं का. बाजारात कास भरून दाखवायला आदल्या वेळची धार काढत नाहीत, म्हणून व्यापाऱ्याला सांगून लागोपाठच्या दोन वेळच्या धारा आपल्यासमोर काढून घ्या आणि मगच पैशाचं बोला. ब्रुसेलाची रक्त तपासणी झाल्याशिवाय गाय ट्रकमध्ये चढवू नका, आणि घरी आणल्यावर तीन आठवडे बाकीच्या गायांपासून लांब बांधा, पाण्याची बादली पण वेगळी ठेवा.